ऑपरेटर क्रमांक एक

“स्क्रू मोजून ठेवा हं ताई,” बिरनाळे म्हणाले, “नाहीतर उद्या म्हणाल, तेही कंपनीनं गायब केले.”

चारही स्क्रू मी कागदावर ओळीनं ठेवले होते. संगणकाच्या पेटीचं झाकण काढून भिंतीला टेकवलं. आत बोटभर धूळ होती आणि त्या धुळीलाही बेदाण्याचा गोडसर वास होता.

तासगावच्या पुढं, रस्त्याला लागून असलेलं ते शीतगृह. माझे वडील, आप्पा, तिथं एकोणीस वर्षं गारव्याची यंत्रं चालवत होते. सतरा एप्रिलला दुपारी यंत्रांच्या खोलीत अमोनिया सुटला आणि आप्पा आत सापडले. मिरजेच्या दवाखान्यात चार दिवस घशात नळी घालून पडून होते. एक शब्द न बोलता गेले.

कंपनीनं तेराव्याच्या आधी लेखी खुलासा दिला. ऑपरेटर विश्वनाथ सुतार यांनी तेल काढायचा व्हॉल्व्ह निष्काळजीपणे उघडा ठेवला, मास्क न घालता ते आत थांबले, अपघाताला ते स्वतः जबाबदार आहेत. गळती आधीपासून असती तर सायरन वाजला असता. सायरन वाजल्याचं कुणीही सांगत नव्हतं. सायरनच्या नोंदी ठेवणारा संगणक मात्र त्या दिवसापासून सुरूच होत नव्हता.

“डिस्क गेलीय असं आमच्या माणसानं सांगितलंय,” बिरनाळे खुर्चीतून म्हणाले. ते तिथले व्यवस्थापक. “तरी साहेबांनी परवानगी दिली म्हणून आम्ही नाही म्हटलं नाही.”

साहेब म्हणजे कारखाना निरीक्षक फडतरे. ते दाराशी फाइल मांडीवर घेऊन बसले होते. त्यांचा अहवाल सोमवारी जायचा होता. मी तीन अर्ज केल्यावर त्यांनी मला एक दुपार दिली होती.

“डिस्कला मी हात लावणार नाही,” मी त्यांना म्हणाले. “फक्त बोर्डावरच्या सेटिंग पुसणार आहे.”

“पुसणार म्हणजे?” बिरनाळेंनी विचारलं. “साहेब, या पुरावा पुसायला आल्यात का शोधायला?”

“बाई, नीट समजावून सांगा,” फडतरे म्हणाले.

मी सांगलीच्या एका तंत्रनिकेतनात संगणक प्रयोगशाळेत साहाय्यक आहे. हे समजावणं माझं रोजचं काम. मुख्य बोर्डावर एक लहानशी चिप असते. डिस्क कुठली आहे, किती वाजले आहेत, सुरू होताना आधी काय बघायचं, एवढंच तिच्यात साठवलेलं असतं. वीज नसताना बटणाएवढा एक सेल तिला जिवंत ठेवतो. तिच्यातला मजकूर बिघडला, की पंखा फिरतो, दिवा लागतो आणि पडदा काळाच राहतो. लोक म्हणतात, डिस्क गेली. डिस्कला काही झालेलं नसतं. दर जूनमध्ये सुट्टी संपल्यावर आमची पाच-सहा यंत्रं अशी अडून बसतात आणि मी ती दहा मिनिटांत उठवते.

“करा,” फडतरे म्हणाले. “माझ्यासमोर करा.”

काचेच्या त्या कंट्रोल रूमच्या दारात निवृत्तीकाका उभे होते. निवृत्ती ऐवळे, आप्पांचे जोडीदार ऑपरेटर. बिरनाळेंनी त्यांना वायरी दाखवायला बोलावून घेतलं होतं. खरं तर मला ते तिथं हवे होते. आप्पांना आतून ओढून बाहेर काढलं ते त्यांनी. हातावर भाजल्याचे डाग अजून लाल होते. दवाखान्याच्या पायरीवर माझ्या आईनं स्वतः त्या हातांना मलम लावलं होतं. चारही दिवस ते आमच्याबरोबर होते, खांदा त्यांनी दिला, तेराव्यापर्यंत रोज संध्याकाळी घरी येऊन बसले. त्या आवारात मला आपलं म्हणावं असं तेवढं एकच माणूस होतं.

मी वायर काढली. सुरू करायचं बटण दाबून धरलं, उरलीसुरली वीज जाईपर्यंत. सेल नखानं उचलून बाहेर काढला. त्याच्या शेजारी तीन बारीक पिना असतात, त्यातल्या दोन पिनांवर प्लॅस्टिकची टोपी. टोपी काढून पलीकडच्या दोन पिनांवर बसवली आणि मनात वीस आकडे मोजले.

“मंत्र म्हणताय का?” बिरनाळे म्हणाले.

“नाही. आकडे.”

“नाही, तुमच्या वडिलांनाही सवय होती. मशीन सुरू करायच्या आधी हात जोडायचे. हात जोडण्यापेक्षा मास्क घातला असता तर.”

माझ्या हातात स्क्रूड्रायव्हर होता. तो मी खाली ठेवला, मग टोपी परत जागेवर बसवली. राग आला की माझे हात फार स्थिर होतात. ते आप्पांकडून आलंय.

“बिरनाळे, तुम्ही जरा गप्प बसा,” फडतरे म्हणाले.

सेल बसवला, वायर जोडली, बटण दाबलं. पंखा फिरला. पडदा काळा. मग एक लहान शिट्टी वाजली आणि पांढरी अक्षरं उमटली. खाली ओळ होती की साठवलेल्या सेटिंग गेल्या आहेत, पुढं जायला एफ वन दाबा. मी दाबलं. खिडक्यांचं चिन्ह आलं आणि लगेच सगळा पडदा निळा झाला. पांढऱ्या अक्षरांत चूक, आणि यंत्र पुन्हा बंद.

“गेलं,” बिरनाळे म्हणाले. त्यांच्या आवाजात दुःख नव्हतं. “मी काय सांगत होतो.”

“गेलेलं नाही. सगळ्या सेटिंग मूळच्या झाल्यात. त्यात डिस्क वाचायची पद्धत बदलली. जुन्या विंडोजला ती चालत नाही.”

मी पुन्हा सुरू केलं, सेटिंगच्या पानात गेले, डिस्कपुढचा शब्द बदलून जुना ठेवला, जतन केलं. या वेळी निळा पडदा आला नाही. विंडोजची हिरवी टेकडी आली, तिच्यावर शीतगृहाच्या प्रोग्रॅमचं चिन्ह. चार खोल्यांची तापमानं, प्रेशर आणि कडेला ‘अलार्म नोंदी’.

निवृत्तीकाका एक पाऊल आत आले होते. मी त्यांच्याकडं बघून मान हलवली. त्यांनी बघितलं नाही.

“थांबा, हात लावू नका,” बिरनाळे उठले. “प्रोग्रॅम आमचा आहे. साहेब, मी काढून दाखवतो.” त्यांनी उभ्याउभ्याच तारखेच्या चौकटीत सतरा एप्रिल टाकलं आणि शोधायचं बटण दाबलं. तक्ता रिकामा आला. त्यांनी सोळा टाकलं. रिकामा. अठरा. रिकामा. ते सरळ झाले, शर्ट खाली ओढला.

“एकसुद्धा अलार्म नाही. ताई, तुमचे आभारच मानायला पाहिजेत. आमच्या माणसाला जमलं नाही ते तुम्ही केलं.”

फडतरेंनी चष्मा काढून पडदा जवळून बघितला, परत घातला. फाइल उघडून त्यांनी काहीतरी लिहायला घेतलं. मी त्या रिकाम्या तक्त्याकडं बघत राहिले. कंपनीचा खुलासा आल्यापासून मी हीच एक गोष्ट धरून होते. आप्पा व्हॉल्व्ह उघडा टाकणारे नव्हते. घरात नळ ठिबकला तरी जेवणावरून उठायचे. पण हे मी निरीक्षकाला कसं सांगणार होते?

“बाई, मला जे दिसतं ते मी लिहिणार,” फडतरे म्हणाले. “तारीख बघा तुम्ही स्वतः.”

पडद्याच्या कोपऱ्यात तारीख होती एक जानेवारी दोन हजार नऊ. ती मी केलेली होती. सेटिंग पुसल्या की घड्याळ यंत्र बनवताना घातलेल्या पहिल्या तारखेवर जातं. ते नीट लावायला मी माउस तिकडं नेला.

“ते कायमच एक जानेवारी दाखवतंय साहेब,” निवृत्तीकाका म्हणाले.

बिरनाळे वळले. “तुम्हाला कुणी विचारलं?”

“कुणी न्हाई. पण दाखवतंय. लाईट गेली की एक जानेवारी. सेल मेलाय त्याचा, दोन वरसं झाली. सुरू करताना एफ वन दाबायचं आन् पुढं जायचं. दादांनी दोनदा लिहून दिलं हुतं सेल बदला म्हणून.”

आप्पांना ते दादा म्हणायचे.

“निवृत्ती, खाली गाडी लागलीय. जा.”

“जातो की,” काका म्हणाले, आणि गेले नाहीत.

मला कळायला थोडा वेळ लागला. मी आत्ता सेल काढून, टोपी हलवून घड्याळाचं जे केलं होतं, तेवढं दोन वर्षं दर वेळी वीज गेल्यावर आपोआप होत होतं. घड्याळ शून्यावर. तारीख एक जानेवारी. कुणी ती दुरुस्त करत नव्हतं, कारण तापमान बघायला तारीख लागत नाही. म्हणजे या यंत्रात सतरा एप्रिल कधी उगवलाच नव्हता.

मी तारखेच्या चौकटीत एक जानेवारी दोन हजार नऊ टाकलं.

तक्ता भरला. ओळी संपेनात. शेकडो. सगळ्या एकाच दिवसाच्या, आणि वेळ दर काही ओळींनी पुन्हा शून्यावर येत होती. जितक्या वेळा वीज गेली तितके तुकडे.

“साहेब, ओळी लिहिल्या गेल्या त्याच क्रमानं आहेत,” मी म्हणाले. “अपघातानंतर यंत्र आजपर्यंत सुरू झालं नाही. म्हणजे सगळ्यात शेवटचा तुकडा सतरा एप्रिलचा. त्या दिवशी वीज किती वाजता आली?”

फडतरेंनी फाइल मागं चाळली. वीज उपकेंद्राच्या रजिस्टरचा उतारा त्यांच्याकडं होता. “दोन वाजून सहा मिनिटं.”

“ते याचं शून्य.”

मी शेवटच्या तुकड्यावर आले. वीज आल्यावर बावन्न मिनिटांनी यंत्रांच्या खोलीत अमोनियाचा अलार्म. म्हणजे दोन अठ्ठावन्न. पुन्हा तीन वाजून चार मिनिटं. पुन्हा तीन अकरा. शेवटची ओळ आपत्कालीन बंद, तीन पंचवीस.

“रुग्णवाहिकेला फोन तीन सत्तावीसला गेला,” फडतरे म्हणाले. त्यांनी आधीचं लिहिलेलं खोडलं. “म्हणजे यंत्र बंद करण्याच्या सत्तावीस मिनिटं आधीपासून गळती होती. अलार्म तीनदा वाजला. बिरनाळे?”

बिरनाळे पडद्याजवळ वाकून ओळी वाचत होते. वाचता वाचता त्यांचा चेहरा निवळला.

“साहेब, पुढचा रकाना वाचा. दोन अठ्ठावन्न, सायरन बंद केला, ऑपरेटर क्रमांक एक. तीन चार, बंद केला, ऑपरेटर क्रमांक एक. तीन अकरा, अर्ध्या तासासाठी बंद केला, ऑपरेटर क्रमांक एक.” ते माझ्याकडं वळले. “क्रमांक एक म्हणजे तुमचे वडील, ताई. तीनदा सायरन वाजला, तीनदा त्यांनी गळा दाबला, आणि मास्क न घालता आत गेले. व्हॉल्व्हचं आम्ही चुकलो असू. हे त्याहून वाईट आहे.”

मी स्वतः ते यंत्र उठवलं होतं. स्वतः ती ओळ शोधून दिली होती. मला त्या माणसाच्या तोंडात स्क्रूंचा तो कागद कोंबावासा वाटला.

“क्रमांक एक सगळेच वापरतात,” मी म्हणाले. हे मला माहीत होतं, आप्पा घरी सांगायचे. “दुसरा क्रमांक कधी तयारच केला नाही. काका, सांगा साहेबांना.”

“व्हय,” काका म्हणाले. “आम्ही समदी एकच दाबतो.”

“दाबत असाल,” बिरनाळे म्हणाले. “पण त्या दिवशी कुणी दाबला? ड्युटीवर तुम्ही दोघंच होता. तुम्ही अडीचपासून फलाटावर गाडी भरत होता. माझ्याकडं तुमचा जबाब आहे, सहीचा. मग इथं या खुर्चीत कोण होतं?”

फडतरेंनी पेन थांबवलं. खालून पेट्या उतरवणाऱ्या बायकांचा आवाज येत होता. काका आपल्या हातांकडं बघत होते, त्या लाल डागांकडं.

“निवृत्ती, नोकरीची दोन वर्षं राहिलीत तुमची,” बिरनाळे हळू म्हणाले. “नीट आठवून बोला.”

“फलाटावर नव्हतो,” काका म्हणाले.

“काय?”

“मी नव्हतो फलाटावर. दादा वर गच्चीवर हुते, पाण्याचे फवारे तुंबले हुते ते काढायला. दीड तास वरच हुते. तिथं खालचं काय ऐकू येत न्हाई. खुर्चीत मी हुतो. तिन्ही बारीला मीच दाबलं.”

मी त्यांच्याकडं बघत होते आणि मला त्यांचा चेहरा दिसत नव्हता.

“का?” फडतरेंनी विचारलं.

“त्या दिवशी व्यापारी आलेले नमुने बघायला. बिरनाळेसाहेबांनी सांगून ठेवलेलं, माणसं असली की आधी आवाज बंद करायचा, मग काय ते बघायचं. आन् ते यंत्र उगंच बोंबलायचं. दमट हवा झाली तरी बोंबलायचं. मला वाटलं तसंच हाय.”

“मी असं काही सांगितलेलं नाही,” बिरनाळे म्हणाले.

“सांगितलंय. माझ्याफुडं दादांनी तुमच्यासंगं वाद घातलाय त्यावरनं.”

“लिहून द्याल?” फडतरेंनी विचारलं.

“द्या कागद.”

मी खुर्चीतून उठले, आणि ते त्या खुर्चीत बसले. लिहायला त्यांना वीस मिनिटं लागली. मधे एकदा त्यांनी वर बघितलं. “शैला, काय तरी बोल की.”

मी झाकण उचललं आणि पेटीवर बसवलं. चारही स्क्रू पिळले. शेवटचा इतका पिळला की त्याची खाच मोडली.

तीन अकरानंतर सायरन वाजत असता तर आप्पांनी यंत्रांच्या खोलीच्या दाराशेजारच्या खुंटीवरचा मास्क घेतला असता. किंवा दार उघडलंच नसतं. एवढं साधं होतं ते. आणि हे माणूस एक्केचाळीस दिवस ते मनात ठेवून आमच्या चटईवर बसलं होतं. कंपनीचा खुलासा मी आईला वाचून दाखवला तेव्हा हे समोर होते. “सोडायचं न्हाई शैला,” म्हणाले होते.

बाहेर आल्यावर ते माझ्या मागं मागं स्कूटरपर्यंत आले. उन्हात उभे राहिले.

“बसा,” मी म्हणाले.

“कुठं?”

“घरी. आईला तुम्ही सांगायचं. मी नाही सांगणार.”

“आज नगं शैला. वहिनींच्या म्होरं मला…”

“बसा मागं.”

घर अकरा किलोमीटरवर होतं. खड्डा आला की ते माझ्या खांद्याला हात लागू नये म्हणून मागची सळई धरत होते. मी एकही खड्डा चुकवला नाही.

आई ओट्यावर सुपात लसूण सोलत बसली होती. काकांना बघून तिनं पदर सावरला, चटई पुढं सरकवली. ते चटईवर बसले नाहीत. खाली फरशीवर बसले आणि सांगितलं. मघाशी लिहिलेलं त्याच क्रमानं सांगितलं, एक वेळही चुकवली नाही. मी दाराच्या चौकटीला टेकून उभी होते. मला वाटत होतं, आईनं ओरडावं. तिनं सूप त्यांच्या अंगावर फेकावं. माझ्याकडून जे झालं नव्हतं, ते तिनं करावं.

तिनं हातातली पाकळी पूर्ण सोलली.

“आणि ते गच्चीवरनं कधी खाली आले?” तिनं विचारलं.

“सव्वातीनच्या सुमाराला.”

“म्हणजे तुम्ही खुर्चीतच होता. ते तुमच्या समोरनं गेले.”

काकांनी मान हलवली.

“भाऊजी, मी तुम्हाला दवाखान्यात विचारलं. घाटावर विचारलं. शेवटचं काय बोलले का म्हणून. तुम्ही म्हणालात, माझी गाठच पडली नाही.”

“व्हय.”

“काय बोलले?”

काकांनी दोन्ही हात मांड्यांवर पालथे ठेवले. त्या हातांना मलम लावताना आई रडली होती, ते मला आठवलं.

“काचेवर टकटक केली,” ते म्हणाले. “भिजलेले हुते फवाऱ्यानं. हसत हुते. म्हणाले, दोन कप सांग, प्रेशर बघून आलोच.”

आईचं सोलणं थांबलं होतं. रस्त्यावरून एक ट्रॅक्टर गेला.

“सांगितला चहा?” मी विचारलं. त्या दिवशी कंट्रोल रूममधून निघाल्यापासून मी त्यांना विचारलेली ती पहिली गोष्ट होती. आणि शेवटची. त्यानंतर सहा वर्षं ते जगले. फडतरेंच्या अहवालात आप्पांचा दोष नाही असं आलं, बिरनाळेंवर खटला झाला, काकांची नोकरी गेली. मी त्यांच्याशी पुन्हा बोलले नाही, आणि त्याचं मला कधी वाईट वाटलेलं नाही.

“सांगितला,” काका म्हणाले. “आला लगीच. माझा मी प्यालो. त्यांचा गार व्हायला लागला, म्हणून उठून बघायला गेलो.”